मुक्या हवालदाराची साक्ष

मित्रांनो, लपवून ठेवण्यात काही अर्थ नाही, म्हणून आधीच सांगून टाकतो. मी हवालदार आहे आणि मला तोंड नाही.

डोळे आहेत, चांगले टपोरे आहेत. नाक आहे, त्याचा शेंडा तेवढा उडालाय. मिशी तर अशी आहे की खऱ्या हवालदारानं पाहिली तर त्यानं आपली उतरवून ठेवावी. फक्त तोंड नाही. साठी ओलांडलेला लाकडी बाहुला आहे मी, राहणार पिंपळगाव राजा, तालुका खामगाव. उभ्या जन्मात एक अक्षर बोललेलो नाही. त्यामुळं पोटात एवढं साचलंय की आता सुरू झालो तर मधे कुणी खोकू नका.

माझं तोंड कुठं गेलं ते ऐका. मला घडवलं उकर्डाजींनी. नाव ऐकून हसू नका. आमच्या वऱ्हाडात लेकराला कुणाची नजर लागू नये म्हणून मुद्दाम असं नाव ठेवायचे, आणि असा उकर्डा पुढं ऐंशी वर्षं ठणठणीत जगायचा. तर या उकर्डाजींनी जळगाव जामोदच्या बाजूनं, सातपुड्याच्या पायथ्याहून पांगाऱ्याचं लाकूड आणलं. पांगारा वजनाला हलका. खेळ करणाऱ्याला दोन-दोन तास आम्हाला दोऱ्यावर तोलून धरायचं असतं, तिथं सागाचा बाहुला करून चालत नाही. चार दिवस ते मला कोरत बसले. डोळे झाले, नाक झालं. तेवढ्यात कुणीतरी बोकडाच्या केसांचा झुपका आणून दिला. तो पाहून उकर्डाजींना राहवलं नाही, त्यांनी आधी मिशीच चिकटवली. ती अशी ऐसपैस बसली की खाली तोंडाला जागाच उरली नाही.

घरातली माणसं पोट धरधरून हसली. उकर्डाजींनी मला एकदा उलटं केलं, एकदा सुलटं केलं आणि म्हणाले, "राहू द्या. हवालदारानं ऐकून घ्याव. बोलाचं काम लोकाइचं."

आणि मग चूक झाकायला त्यांनी काय केलं ठाऊक आहे? बाकीच्या बाहुल्यांच्या मानेत खिळा ठोकलेला असतो. माझ्या मानेत त्यांनी चामड्याची वादी बसवली. त्यामुळं आम्हा बारा भावंडांत मान हलवता येणारा मी एकटा. गावातल्या एका निवृत्त हवालदाराच्या जुन्या खाकी विजारीतून माझा गणवेश शिवला. हे सगळं चाललं होतं तेव्हा उकर्डाजींचा धाकटा मुलगा भगवान अंगणात रांगत होता. त्यानं येऊन माझी मिशी तोंडात घातली. आमची ओळख तेव्हापासूनची.

उकर्डाजींनंतर आमचे दोरे भगवानरावांच्या हातात आले. थोरले अर्जुनराव जळगाव जामोदला सासुरवाडीच्या शेतावर जाऊन राहिले. पण मोठा खेळ असला की यायचे, आणि दोघं भाऊ चादरीमागं शेजारी शेजारी उभे राहायचे.

आता ती चादर कशी असते ते सांगतो. वर काळी चादर बांधलेली, तिच्याआड खेळ करणारा. खाली उजेडात आम्ही. लोकांना आम्ही दिसतो, तो दिसत नाही. आणि आमच्या घरचा कायदाच आहे, चादरीपुढं तोंड नाही. खेळ संपला तरी तो पुढं येऊन नमस्कार करत नाही. मागच्या मागं दोरे गुंडाळतो, आम्हाला पेटीत ठेवतो आणि निघतो. लोक म्हणतात, "हवालदारानं मजा आणली बुवा." भगवानरावांनी काय आणलं, हे कुणी विचारत नाही. चाळीस वर्षं सगळी शाबासकी मी खाल्ली मित्रांनो, आणि ढेकरही दिला नाही.

त्या कायद्याला शेपूट आहे. ज्यानं आपणहून, कुठल्याही खेळात, लोकांना तोंड दाखवलं, त्यानं आपल्या बाहुल्या पूर्णा नदीच्या पाण्यात सोडायच्या. उकर्डाजींचा एक चुलतभाऊ तमाशात गेला होता, त्याच्या नऊ बाहुल्या गेल्या. हे मला पेटीतल्या सगळ्यात जुन्या बाहुलीनं, साळूबाईनं सांगितलं. तेव्हापासून मला पाण्याचं नाव काढलेलं आवडत नाही.

पण लोकांना जे दिसत नव्हतं ते मला दिसायचं. मी खाली, भगवानराव वर. दोरा ताणला की माझी मान वर व्हायची आणि थेट त्यांचा चेहरा समोर यायचा. काय चेहरा तो. साळूबाई रडायला लागली की यांचे डोळे भरायचे. सावकार आला की यांचा एक ओठ वर चढायचा. आणि माझी पाळी आली की हे गाल फुगवून, भुवया चढवून असे बघायचे की मलाच माझी भीती वाटायची. मला तोंड नव्हतं ना, म्हणून माझं तोंड तेच करायचे. सगळ्यांचे आवाजही त्यांचेच. सावकाराचा घोगरा, साळूबाईचा कापरा, राणीचा नाजूक. एक बोलली की लगेच दुसऱ्याचं उत्तर यांच्याच घशातून. फक्त माझ्या उत्तराची पाळी आली की ते गप्प व्हायचे, कारण मला आवाजच नव्हता.

आमचा गाजलेला खेळ म्हणजे साळूबाईची फिर्याद. म्हातारी साळूबाई माझ्याकडं येते, कोंबडी चोरीला गेल्याचं सांगते. मी गप्प. लोक वाट पाहतात. मग मी हळूच मान हलवतो, की सगळं मैदान हसतं. ती शेजाऱ्याची चहाडी सांगते, मी मान हलवतो. असं चालता चालता शेवटी ती माझ्याजवळ सरकते आणि विचारते, "हवालदार, माहा पोरगा शहरात गेला, तो येईन का हो वापस?"

तेव्हा मी मान हलवत नाही. नुसता उभा राहतो. पुष्पाबाई, म्हणजे भगवानरावांच्या घरच्या, ढोलकी वाजवायच्या, त्याही हात थांबवायच्या. पाचशे माणसांत कुणी हूं का चूं करत नसे. ती शांतता माझी आहे मित्रांनो, तेवढ्यापुरता मी अभिमान बाळगतो.

पुढं दिवस पालटले. लग्नात डीजे आला, घराघरात मोबाईल आला. वर्षाला चाळीस खेळांचे चार झाले, चाराचे दोन. आम्ही पेटीत पडून राहिलो. राणीच्या घागऱ्याला कसर लागली, सावकाराचा हात निखळला. भगवानराव घरची दोन एकर करायचे, हंगामात खामगावला जिनिंगवर, कापसातली सरकी काढायच्या गिरणीत, जायचे. तरी महिन्यातून एकदा पेटी उघडायचे, आम्हाला ऊन दाखवायचे, दोऱ्यांना मेण लावायचे. हाताची सवय मोडू नये म्हणून भिंतीकडं तोंड करून मला चालवायचे. भिंतीला काय, ती काही टाळ्या वाजवत नाही.

मग गावच्या शाळेनं खेळ ठेवला. भगवानरावांची मुलगी काजल खामगावात मोबाईल दुरुस्तीच्या दुकानात काम करते. ती त्या दिवशी चादरीमागं बाहुल्या हातात द्यायला उभी होती. सगळी दुनिया पुढून फोटो काढते, हिनं मागून व्हिडिओ काढला. फोन धरला तो थेट बापाच्या चेहऱ्यावर. खेळभर.

घरी येऊन तिनं तो आईला दाखवला. पुष्पाबाईंनी चाळीस वर्षं ढोलकी वाजवली, पण त्या बसायच्या पुढं, चादरीच्या बाहेर. त्यांनी हा चेहरा कधी पाहिलाच नव्हता. त्या नुसत्या बघत राहिल्या. चुलीवरचं दूध उतू गेलं ते मीच पाहिलं, आणि सांगणार कसा?

काजलनं तो व्हिडिओ इंटरनेटवर टाकला आणि पंधरा दिवसांत पुण्याहून एक बाई गाडी घेऊन दारात आली. नाव प्रतीक्षा. वयानं तिशीची, पायात बूट, बोलणं गोड. खामगावच्या एका बंद पडलेल्या जिनिंगमध्ये तिला सिनेमा करायचा होता आणि त्यातल्या म्हाताऱ्या वॉचमनसाठी तिला माणूस हवा होता.

"काका, हा चेहरा मी दोन वर्षं शोधतेय," ती म्हणाली.

"बाई, आमच्यात तोंड दाखवत नाई," भगवानराव म्हणाले, आणि चहा पाजून त्यांनी तिला वाटेला लावलं.

पण मी त्यांना ओळखतो. पुढचे तीन दिवस त्यांनी दिवसातून दोन वेळा दाढी केली. आरशासमोरून जाताना पाऊल अडखळायला लागलं. तिसऱ्या दिवशी पुष्पाबाईंनी ताट वाढता वाढता विचारलंच, "कावो, मनात काय हाय ते सांगून टाका नं."

"जाव वाटते," ते म्हणाले. "पाप वाटते, पन जाव वाटते. साठ वर्षात मले कोनी पाह्यलंच नाई पुष्पे."

पुष्पाबाईंनी हातातली भाकरी ताटात ठेवली. मग म्हणाल्या, "मंग दादाइले फोन लावा. चोरून काई करू नका."

त्यांनी फोन लावला. काजलनं तो मोठ्या आवाजावर ठेवला होता, त्यामुळं आम्ही बाराही जण पेटीतून ऐकत होतो.

"कायले इचारतं मले?" अर्जुनराव म्हणाले. "तुह्या मनात हाय तं जा. मी आडवा येत नाई. पन शिनेमात तोंड दिसलं का बाहुल्या पूर्णेले द्याच्या. बापाचा कायदा हाय. हाव म्हन."

भगवानरावांनी पेटीकडं पाहिलं. बराच वेळ पाहिलं.

"हाव दादा," ते म्हणाले.

तो होकार माझ्या जिवावरचा होता. साळूबाई तर पेटीत माझ्या अंगावरच कलंडली. मला राग आला, खोटं कशाला बोलू. ज्याची मिशी चावत हा मोठा झाला, त्याला असं एका शब्दात पाण्यात सोडायला निघाला. पण एकच आशा होती. याला ते काम जमलं नाही, तोंड दिसलंच नाही, तर आम्ही वाचलो. तेव्हा मी मनात ठरवलं की हा नापास व्हावा. हे मी तुम्हाला सांगतोय, कारण साक्ष द्यायची तर पुरी द्यावी.

पहिल्या दिवशी जाताना भगवानरावांनी मला जेवणाच्या पिशवीत घातलं. बाहुलीशिवाय जायचं त्यांच्या जिवावर आलं असणार. ज्वारीच्या भाकरी, ठेचा, कांदा आणि मी. खामगाव येईपर्यंत माझं नाक ठेच्यावर. सोबत पुष्पाबाई आणि काजल होत्या.

जिनिंगच्या त्या मोठ्या पत्र्याखाली दिवे, वायरी, पन्नास माणसं. प्रसंग छोटासा होता. गिरणी कायमची बंद झालेली. मालकाचा तरुण पुतण्या वॉचमनकडून किल्ली घ्यायला येतो. वॉचमन किल्ली देतो आणि विचारतो, "मंग उद्या भोंगा कोन वाजवीन?" पुतण्याकडं उत्तर नसतं. संपलं. पुतण्याचं काम करणारा मुलगा अविनाश, मुंबईचा, सालस होता बिचारा.

पहिला टेक. भगवानरावांनी किल्ली दिली. नजर अविनाशच्या बुटांवर, कारण खाली बघायची जन्माची सवय. विचारलं, "मंग उद्या भोंगा कोन वाजवीन?" आणि लागलीच, श्वाससुद्धा न घेता, हुबेहूब अविनाशच्या आवाजात उत्तर दिलं, "काका, आता भोंग्याची गरज नाही."

सगळा पत्रा हसण्यानं दणाणला. अविनाश आपल्या तोंडाला हात लावून बघत होता, की मी बोललो की काय.

"काका, अविनाशचं काम अविनाश करेल," प्रतीक्षा हसू आवरत म्हणाली. "आणि तसंही तिथं उत्तर नाहीये. तिथं फक्त थांबायचं."

"हाव बाई, चुकलं," भगवानराव म्हणाले.

दुसऱ्या टेकला पुन्हा तेच. काय करतील? चाळीस वर्षं माझ्याखेरीज अकराही जणांची उत्तरं यांच्याच घशातून आली. प्रश्न विचारला की उत्तर आपणच द्यायचं, नाहीतर खेळ पडतो, हे हाडात मुरलेलं. तिसऱ्या टेकला त्यांनी जीभ दाताखाली धरली, तर उजवा हात आपोआप वर उठला आणि बोटं फिरली, बाहुलीला वळवताना फिरतात तशी. आणि गंमत म्हणजे अविनाश खरंच वळला. त्यालाच कळेना आपण का वळलो. चौथा, पाचवा, सहावा. हसणं केव्हाच थांबलं होतं. आणि चेहरा म्हणाल, तर ज्या चेहऱ्यासाठी ती बाई पुण्याहून आली होती, तो बंद दुकानासारखा. नऊ टेक झाले.

जेवणाची सुट्टी झाली. प्रतीक्षानं काजलला बाजूला घेतलं, ते नेमकं माझ्या पिशवीजवळ.

"मला फार वाईट वाटतंय," ती म्हणाली. "पण आज नाही जमलं, तर उद्या मला पुण्याहून दुसरं कुणीतरी बोलवावं लागेल."

मला सुटल्यासारखं वाटलं मित्रांनो. मनातल्या मनात मी मान हलवली. चला, आपली पेटी बरी, आपली कसर बरी.

भगवानराव कापसाच्या एका जुन्या गाठीवर बसले होते. भाकरीला हात लावला नाही. पुष्पाबाई शेजारी जाऊन बसल्या.

"दिवसभर बावरले हाय तुमी," त्या म्हणाल्या.

"माह्या हातात काईच नाई वो," ते म्हणाले. त्यांनी दोन्ही पंजे तिच्यापुढं उघडे केले. "रिकामे हात घेऊन कसं उभं राहाव, मले समजूनच नाई राह्यलं. चला घरी. हे आपलं काम नोहे."

त्या हातांना मी ओळखतो. मधल्या बोटाला दोऱ्याचा घट्टा आहे, तो माझ्याच दोऱ्याचा. ते हात असे रिकामे मी कधी पाहिले नव्हते. आणि मघाशी सुटल्यासारखं वाटलं होतं, त्याची मला लाज वाटायला लागली.

पुष्पाबाई उठल्या आणि पिशवीतून मला बाहेर काढलं. आमच्याकडं बायांनी ढोलकी धरावी, दोरा धरू नये, असाही एक कायदा आहे. त्यांनी दोरा धरला. सरळ प्रतीक्षाकडं गेल्या.

"बाई, आणखी एक डाव घ्या," त्या म्हणाल्या. "याइले साऱ्याइचं बोलता येते. फक्त या एकापुढे ते गप राह्यतात. मी याले त्या पोराच्या खांद्यामांगं धरतो."

प्रतीक्षानं माझ्याकडं पाहिलं, माझ्या मिशीकडं पाहिलं, आणि काय समजायचं ते समजली. कॅमेऱ्याला मी दिसणार नाही, पण भगवानरावांना मीच दिसेन, अशी तिनं पुष्पाबाईंना जागा करून दिली.

दिवे लागले. पुष्पाबाईंचा हात नवखा होता. आयुष्यात पहिल्यांदा दोरा धरलेला, आणि माझी वादी जुनी झालेली. मान खाली पडायला निमित्त तेवढं हवं होतं. पडली असती तर टेक गेला असता, काम गेलं असतं, आणि आम्ही बाराही जण वाचलो असतो.

मी मान पडू दिली नाही. कशी, ते मला विचारू नका. लाकडालाही कधी कधी जोर येतो.

भगवानरावांनी किल्ली अविनाशच्या हातात ठेवली. नजर वर आणली, ती त्याच्या खांद्यावरून माझ्यावर आली. "मंग उद्या भोंगा कोन वाजवीन?"

आणि ते थांबले.

तसे थांबले जसे साळूबाईच्या प्रश्नानंतर थांबायचे. माझ्या उत्तराची वाट बघत. आणि ते दुकान उघडलं. आधी डोळ्यांत आस आली, की हा काहीतरी सांगेल. मग ती हळूहळू कमी झाली, ओठ जरासा हलला, मिटला, आणि शेवटी नुसतं एक हसू उरलं, समोरच्या पोराला अवघड वाटू नये म्हणून आणलेलं. पत्र्यावर कबुतरं तेवढी चालत होती. अविनाशचे डोळे भरले, ते काही त्याला कुणी सांगितलं नव्हतं. 'कट' म्हणायचं असतं ते प्रतीक्षा विसरूनच गेली.

माझ्या मालकानं बाजी मारली होती. आणि मी बुडालो होतो. तरी सांगतो, त्या घडीला मला माझं काहीच वाटत नव्हतं. इतकी वर्षं तो चेहरा मी एकट्यानं पाहिला, आता पन्नास जण पाहत होते, आणि माझी छाती फुगून गणवेशाची शिवण उसवायची बाकी होती.

सिनेमा झाला, लोकांनी पाहिला. खामगावच्या बसस्टँडवर पोरं-पोरी भगवानरावांना थांबवून फोटो काढायला लागली. आणखी दोन सिनेमांची बोलावणी आली. प्रत्येक वेळी पिशवीत भाकरी, ठेचा आणि मी. आता त्यांना थांबता येत होतं, पुष्पाबाईंना मला धरावं लागत नव्हतं. तरी न्यायचे. आणि घरी आले की पेटी उघडायचे, पण अर्जुनरावांचं नाव काढायचे नाहीत. पुष्पाबाईही काढायच्या नाहीत.

जानेवारीत अर्जुनरावांचा फोन आला. त्यांच्या नातवानं त्यांना सिनेमा दाखवायला फोन पुढं केला होता, त्यांनी तोंड फिरवलं होतं म्हणे.

"भगवान, शबूद देल्ला होता तू," एवढंच ते म्हणाले.

"हाव दादा. रविवारी येतो," भगवानराव म्हणाले. आवाज साफ होता, पण त्या दिवशी त्यांनी शूटिंगच्या एका फोनला नाही म्हणून सांगितलं.

रविवारी सकाळी येरळीच्या पुलाखाली पूर्णेच्या काठावर आम्ही जमलो. इकडून भगवानराव, पुष्पाबाई, काजल आणि पेटी. जळगाव जामोदहून अर्जुनराव एसटीनं आले होते, सत्तरीचे, वाळके, ताठ. पलीकडं बाया धुणं धूत होत्या, त्यांची लेकरं वाळूत खेळत होती. आमच्यात असं आहे की पाण्यात सोडण्याआधी बाहुलीचा शेवटचा खेळ नदीला दाखवायचा. पण चादर बांधायला खांब नव्हता. तेव्हा एक टोक काजलनं धरलं, दुसरं अर्जुनरावांनी. भगवानराव मागं उभे राहिले. पुष्पाबाईंनी ढोलकीवर थाप मारली. ती ऐकून पलीकडची लेकरं गुडघाभर पाण्यातून पळत आली आणि चादरीपुढं वाळूत बसली.

साळूबाईची फिर्याद. कोंबडी झाली, शेजारी झाला. लेकरं खिदळत होती. मी माझी मान वर केली आणि शेवटचं म्हणून वर पाहून घेतलं. तिथं भगवानरावांचा चेहरा होता आणि त्याच्या शेजारी, चादरीचं टोक धरून, अर्जुनरावांचा.

एक गोष्ट तेव्हा माझ्या ध्यानात आली. हे दोघं भाऊ जन्मभर शेजारी उभे राहून खेळले, पण ज्याची त्याची नजर ज्याच्या त्याच्या बाहुलीवर. थोरल्यानं धाकट्याचा हा चेहरा कधीच पाहिला नव्हता. आज त्यांच्या हातात बाहुली नव्हती, चादर होती. आणि ते बघत होते. सिनेमात बघायला तोंड फिरवलं, तेच आता एका हाताच्या अंतरावरून बघत होते.

साळूबाई माझ्याजवळ सरकली. "हवालदार, माहा पोरगा शहरात गेला, तो येईन का हो वापस?"

ढोलकी थांबली. लेकरं थांबली. मी उभा राहिलो, साठ वर्षं राहिलो तसा.

आणि मग वरून माझ्या मानेचा दोरा हलला. एकदा. पुन्हा एकदा. मी मान हलवली मित्रांनो. येईन, म्हणालो. उकर्डाजींनी शिकवला नव्हता असा जबाब. भगवानरावांना साळूबाईला उत्तराशिवाय पाण्यात सोडवत नव्हतं, म्हणून त्यांनी माझ्याकडून तिला तेवढं सांगितलं. त्यांच्या गालावरून पाणी ओघळून माझ्या टोपीवर पडलं.

अर्जुनरावांच्या हातातलं टोक सुटलं. म्हातारा हात, दमला असेल असं मला आधी वाटलं. पण त्यांनी काजलकडं पाहून मान हलवली, आणि तिनंही आपलं टोक सोडलं. वारा होता. चादर उडाली, पाण्यावर पसरली आणि धारेला लागली. समोर लेकरं, आणि त्यांच्यापुढं भगवानराव उघडे उभे, हातात दोरे, डोळे भरलेले. लेकरांनी आधी माझ्याकडं पाहिलं, मग दोऱ्यावरून नजर चढवत चढवत वर त्यांच्याकडं. त्यातली एक पोरगी म्हणाली, "हे बोलून राह्यले होते वो माय, हे बुवा."

भगवानराव वाकले आणि पेटीकडं निघाले. शब्द दिलेला होता.

"थांब," अर्जुनराव म्हणाले. ते वाहत जाणाऱ्या चादरीकडं बघत होते. "पाण्याले द्याचं होतं ते देल्लं. तोंड झाकाची चादर होती ते गेली. आता बाहुल्या कायले बुडवतं?"

"दादा, बाबाचा कायदा..."

"बाबानं याले तोंड नाई देल्लं," अर्जुनराव माझ्याकडं बोट करून म्हणाले. "चुकले होते बाबा. चूक झाकाले याले मान देल्ली. मंग बाबाची एक चूक आपन बी झाकू. बस." मग त्यांनी भावाच्या खांद्यावर हात ठेवला. "लय सुंदर करतं रे तू. मले कोनी सांगतलं काऊन नाई?"

सांगणार कोण? ज्याला ठाऊक होतं त्याला तोंड नव्हतं.

सध्या माझा मुक्काम पिंपळगावलाच आहे. सावकाराचा हात बसवलाय, राणीला नवा घागरा झालाय. खेळ पूर्वीपेक्षा जास्त होतात, कारण लोक आता सिनेमातल्या भगवानरावांचा खेळ मागतात. चादर नाही. ते उघडे उभे राहतात आणि लोकांना माझ्यावर हसावं की त्यांच्याकडं बघावं हे कळत नाही. माझी निम्मी शाबासकी गेली. गेली तर गेली, होती कुणाची.

तेव्हा मित्रांनो, मुक्या माणसाचं एवढं ऐका. बाहुली दिसली तर दोरा ओढून बघू नका, तुटतो. पावसाळ्यात आम्हाला ओल लागू देऊ नका. आणि खेळ बघायला बसलात तर आधी खाली आमच्याकडं बघा, पोटभर हसा, त्यासाठीच आम्ही आहोत. मग एकदा मान वर करा. वर कुणीतरी उभं असतं.